चोराचा नकाशा

"एस्टोनिया," हे म्हणाले. "एस्टोनियात आपलं कोण आहे?"

मी भाकरी थापत होते. आम्हा जैनांत दिवस मावळायच्या आत जेवायची पद्धत. त्यामुळे संध्याकाळी पाचला माझे हात पिठात असायचे आणि ह्यांचे कागदांत. क्रेडिट कार्डाचं बिल आलं की हे ते जेवणाच्या टेबलावर पसरायचे आणि लाल पेन्सिल घेऊन एकेक ओळ तपासायचे. सारी नोकरी सार्वजनिक बांधकाम खात्यात गेलेली. पेट्रोलच्या ओळीपुढेसुद्धा खूण केल्याशिवाय हा माणूस खालच्या ओळीवर जात नसे.

"कोणी नाही," मी म्हणाले.

"मग ह्या प्लॅनोव्हा नावाच्या कंपनीने माझ्या कार्डावरून एकोणीसशे रुपये कसे उचलले? सॉफ्टवेअर, मासिक वर्गणी म्हणे. मंदिराची आणि गल्लीतल्या गणपतीची सोडून मी जन्मात कुणाला वर्गणी दिलेली नाही."

माझी भाकरी तव्यावर पडायच्या ऐवजी काठावर पडली आणि फाटली. कारण एस्टोनियात आपलं कोण आहे ते मला ठाऊक होतं. मीच होते.

आता हे कसं झालं ते सांगते. सांगलीच्या महापुरात आमच्या जुन्या घरात छातीइतकं पाणी आलं, तेव्हाच ठरलं की आता उंचावर बांधायचं. विजयनगरच्या पलीकडे ह्यांनी नोकरीत असतानाच एक प्लॉट घेऊन ठेवला होता. ओढ्यामुळे त्याचा एक कोपरा तिरका कापलेला, म्हणून स्वस्तात मिळालेला. निवृत्तीनंतर हे स्वतःच नकाशा काढायला बसले. मोठा कागद, टी-स्क्वेअर, चार प्रकारच्या पेन्सिली, आणि घरात कुणी मोठ्याने बोलायचं नाही. आठ दिवसांनी मला बोलावून दाखवलं. मी बघितलं, तर जतचं सरकारी क्वार्टर.

माझा सगळा संसार क्वार्टर्समध्ये झाला. जत, विटा, गडहिंग्लज, चंदगड. गाव बदललं, पाणी बदललं, घर तेच. पुढे हॉल, मध्ये खोल्या, आणि मागे कोपऱ्यात स्वयंपाकघर. त्याला एक खिडकी आणि खिडकीपलीकडे भिंत. भर दुपारी दिवा लावून मी तांदूळ निवडलेत. हे निवृत्त झाले होते, पण ह्यांचा नकाशा अजून नोकरीत होता.

"स्वयंपाकघर पुढे घेऊया का?" मी म्हणाले होते. "रस्त्याच्या बाजूला. पश्चिमेचं ऊन येईल, चार माणसं दिसतील."

"आणि हॉल कुठं न्यायचा? मागे? पाहुण्यांना मोरीशेजारी बसवायचं?"

"पाहुणे तासभर असतात. मी दिवसभर असते."

हे हसले. वाईट माणूस नाही, त्यामुळे हसणंही वाईट नव्हतं. "अगं, हे इंजिनिअरिंग आहे," म्हणाले. "रांगोळी नव्हे."

ठिपके मोजून रांगोळी काढणाऱ्या बाईला असं बोलू नये. मी गप्प बसले, पण डोक्यातलं घर काही गप्प बसेना. नातीशी बोलता यावं म्हणून अभिनंदनने, म्हणजे आमच्या मुलाने, मला टॅब्लेट पाठवला होता. त्यावर एक दिवस जाहिरात आली की आपलं घर आपणच आखा, सात दिवस फुकट. मी बोट लावलं. त्यांनी कार्डाचा नंबर मागितला. मला त्यात काही वावगं वाटलं नाही. साडीच्या दुकानात ढीगभर साड्या उलगडून दाखवतात, म्हणून कुणी पैसे लावतं का? ह्यांनी मला अडीअडचणीला म्हणून स्वतःच्या कार्डाला जोडून एक कार्ड काढून दिलं होतं. ते कपाटात चांदीच्या वाट्यांखाली होतं. त्याचा नंबर टाकला. मग त्यांनी ओटीपी मागितला, आणि ओटीपी जातो तो ह्यांच्या फोनवर.

हे आरशासमोर दाढी करत होते. फोन शेजारीच.

"अहो, एक नंबर आलाय का बघा."

ह्यांनी फेसाळल्या तोंडाने सहाही आकडे मोठ्याने वाचून दाखवले आणि विचारलं, "गॅसवाला आलाय का?" सिलिंडर देताना तो पोरगा असाच नंबर मागायचा. मी हो म्हणाले नाही आणि नाहीही म्हणाले नाही.

तर अशी मी एस्टोनियात गेले. सात दिवसांच्या पुढे पैसे लागतात हे बारीक अक्षरात कुठंतरी लिहिलं असणार. मी त्या वेळी भिंती सरकवत होते. दुपारी हे ज्येष्ठ नागरिक संघात गेले की मी टॅब्लेट काढायची. बोटाने भिंत ओढली की भिंत सरकायची, खिडकी टाकली की उजेड आत यायचा. सकाळचा, दुपारचा, संध्याकाळचा, हवा तो उजेड बघता यायचा. इतक्या वर्षांत माझ्या शब्दावर एक भिंत हललेली नव्हती, आणि इथं बोटावर हलत होती. मला त्याचं वेड लागलं म्हणा.

मग सांगून का टाकलं नाही, असं कुणीही विचारेल. सांगितलं असतं तर नकाशा दाखवावा लागला असता, आणि तो अर्धा होता. अर्धा नकाशा बघून हे पुन्हा हसले असते, आणि ह्यांचा नकाशा मंजुरीला गेला असता. घर एकदाच बांधून होतं. पूर्ण नकाशा हातात असल्याशिवाय तोंड उघडायचं नाही असं मी ठरवलं होतं.

तेवढ्यात ही लाल पेन्सिल आडवी आली.

ह्यांची इभ्रतच पणाला लागली होती. संघात दर महिन्याला 'ऑनलाइन फसवणूक आणि आपण' ह्या विषयावर हेच बोलायचे. ओटीपी म्हणजे घराची किल्ली, ती बायकोलाही सांगू नका, हे त्यातलं टाळ्यांचं वाक्य. मी समोर बसून टाळ्या वाजवलेल्या आहेत. अशा माणसालाच कुणी गंडा घातलाय हे कळलं असतं तर संघातले लोक वर्षभर तेच चघळत बसले असते.

दुसऱ्या दिवशी लढाई सुरू झाली. बँकेला फोन लावला तर यंत्र बोललं. "नमस्कार, मी सखी. मी आपली काय मदत करू?" ह्यांना ती खरीच बाई वाटली. "हे बघा सखीताई," म्हणून ह्यांनी जी सुरुवात केली, ती प्लॉटचा सर्व्हे नंबर सोडून सगळं सांगूनच संपवली. सखी म्हणाली, "मला समजलं नाही. कार्डाची मर्यादा वाढवायची असल्यास एक दाबा." असं तीनदा झालं. चौथ्यांदा ह्यांनी चुकून एक दाबला आणि कार्डाची मर्यादा वाढली.

मग हे लेखी गेले. लेखी म्हटलं की ह्यांच्या अंगात येतं. विषय, संदर्भ, उपरोक्त विषयास अनुसरून, सबब, तरी त्वरित कार्यवाही व्हावी ही विनंती. खाली प्रत माहितीस्तव म्हणून आठ नावं. एस्टोनियाहून लगेच उत्तर आलं. त्यात सगळ्यात वर पिवळा हसरा चेहरा होता.

"हाय सुकुमार! तू आम्हाला सोडून जातोयस ह्याचं आम्हाला फार वाईट वाटतंय."

"सुकुमार?" हे म्हणाले. "मला माझ्या मुख्य अभियंत्यानेसुद्धा कधी सुकुमार म्हटलं नाही."

पुढे लिहिलं होतं की वर्गणी बंद करायची असल्यास आपल्या खात्यात जावं. ह्यांनी कळवलं, माझं खातंच नाही. उत्तर आलं, मग खातं उघड, सात दिवस फुकट आहे. हे खातं उघडायलाही बसले. त्यांनी कार्डाचा नंबर मागितला तेव्हा मात्र हे ताडकन उठले. "तक्रार करायला कार्ड मागतात," म्हणाले. "असला निगरगट्टपणा मी कंत्राटदारांत पाहिला नाही."

अखेर बँकेतल्या एका खऱ्या मुलीने फोन उचलला. तिने कार्ड बंद केलं, नवं पाठवते म्हणाली आणि तक्रार नोंदवून घेतली. शेवटी म्हणाली, "सर, पण हा व्यवहार ओटीपीने झालाय. ओटीपी तुमच्याच नंबरवर आलेला दिसतो. घरातल्या कुणाला दिला होता का?"

"घरात?" हे म्हणाले. "घरात मी आणि मिसेस. दुसरं कोणी नाही." आणि फोन ठेवला.

मी दारातच उभी होते. आता माझ्याकडे बघतील, विचारतील, म्हणून मी मनात वाक्यंही जुळवली होती. ह्यांनी बघितलं, आणि म्हणाले, "मीठ जास्त झालंय आज आमटीत."

त्या रात्री मी टॅब्लेट उघडला. पडद्यावर चार ओळी. बँकेकडून तक्रार आल्यामुळे खातं स्थगित करण्यात आलं आहे. नकाशा आत होता, मी बाहेर. महिना-दीड महिन्याचं घर ह्यांनी एका फोनमध्ये जप्त करून टाकलं होतं, आणि शेजारी घोरत पडले होते.

पुढचे काही आठवडे हे चोर शोधत होते. संशयितांची यादी मोठी होती. गॅसवाला पोरगा झाला, केबलवाला झाला, औषधाच्या दुकानातला नवा माणूस झाला. अभिनंदनला हैदराबादला फोन करून "तुझे मित्र काय लायकीचे आहेत" असं विचारून झालं. संघाच्या चिटणीसांवर दोन दिवस बारीक नजर होती, कारण ते ह्यांच्या शेजारी बसून ह्यांच्या फोनमध्ये डोकावायचे. सगळी सांगली संशयित होती. फक्त मी नव्हते.

आधी मला हायसं वाटलं. मग हळूहळू राग यायला लागला. मला वाटलं होतं हा विश्वास आहे. विश्वास नव्हता. विश्वास ठेवायला आधी शंका यावी लागते. माझ्या हातून एवढं काही होऊ शकेल हेच ह्या माणसाच्या हिशेबात नव्हतं. साधी चोर म्हणूनसुद्धा मी कुणाच्या डोळ्यांसमोर येत नव्हते.

चोराच्या फायलीपायी घराचा नकाशा मात्र तसाच पडला. त्यामुळे एक दिवस सिकंदरभाई घरी आले. सिकंदर मुल्ला, मिरजेचे, बांधकामाचं काम त्यांनाच द्यायचं ठरलेलं. नकाशा मंजुरीला कधी जाणार एवढंच विचारायला आले होते. "साहेब, सळईचा भाव रोज वाढायलाय," म्हणाले.

"सळई राहू द्या," हे म्हणाले. "बसा. गंमत दाखवतो तुम्हाला."

त्याच सकाळी बँकेचं उत्तर आलं होतं. कंपनीने पैसे परत द्यायला नकार दिला होता. सेवा वापरली गेली आहे, असं तिचं म्हणणं, आणि पुरावा म्हणून ग्राहकाने केलेल्या कामाचं चित्र जोडलं होतं. ग्राहकाचं नाव गोपनीयतेच्या कारणास्तव देता येत नाही.

"चोराची गोपनीयता," हे म्हणाले. "आणि माझं सुकुमार जगजाहीर."

तक्रार पुढे न्यायची असेल तर एका कागदावर सही करायची होती. ही सेवा मी किंवा माझ्या कुटुंबातील कोणीही वापरलेली नाही, एवढंच त्यावर लिहिलेलं. तो कागद टेबलावर, त्यावर ह्यांचं पेन, आणि शेजारी झेरॉक्सच्या दुकानातून मोठं करून आणलेलं ते चित्र.

मी चहाचा ट्रे घेऊन आले आणि बघितलं. माझं घर टेबलावर पसरलेलं होतं.

"माझ्या पैशावर घर काढलंय बघा चोराने," हे म्हणाले आणि चष्मा चढवला. लाल पेन्सिल निघाली. "कॉलम नाहीत. एकही नाही! हे घर उभं कशावर राहणार, पुण्याईवर?"

सिकंदरभाई हसले. माझे कान तापले. कॉलम हा शब्द मी त्या दिवसापर्यंत वर्तमानपत्रापुरताच ऐकला होता.

"संडासाचा पाइप बघा. बरोबर देवघराच्या भिंतीतून नेलाय. जिन्याची पायरी दीड फुटाची. ह्या घरात काय उंट राहणार आहेत? आणि हे स्वयंपाकघर! पुढे, रस्त्यावर, आणि हॉलच्या दुप्पट. खानावळ काढायची दिसतेय." पेन्सिल ओट्यापाशी थांबली. "हे काय? ओट्याच्या शेजारी भिंतीत दोन फूट जागा आत घेतलीय. कपाट नाही, मोरी नाही. फुकट घालवलेली जागा. अडाणी आहे चोर."

मी कप खाली ठेवत होते. मनात म्हटलं, बोला, अजून बोला.

पण हे बोलायचे थांबले. कागद फिरवून बघितला, पुन्हा सरळ केला. इंजिनिअर माणूस, नकाशा दिसला की रमतो, मग तो चोराचा का असेना. "उजेड मात्र कळतो हां ह्याला," हे जरा वेळाने म्हणाले. "बघा सिकंदरभाई. पश्चिमेची खिडकी वर घेतलीय आणि पुढे दोन फुटांचं छप्पर सोडलंय. म्हणजे दुपारचं ऊन अडतं आणि संध्याकाळचं सरळ ओट्यावर पडतं. हे कॉलेजात शिकवत नाहीत. ज्याने काढलंय त्याने अंधारात दिवस काढलेले आहेत."

लग्न झाल्यापासून माझ्या कामाला मिळालेली ही पहिली शाबासकी, आणि ती चोराच्या नावावर गेली.

सिकंदरभाई इतका वेळ कागदाकडे बघत होते. ते दबकत म्हणाले, "साहेब, रागावू नका. ह्यो तिरका कोपरा बघा. ओढ्याकडचा. ह्यो प्लॉट आपलाच हाय की."

ह्यांनी स्वतःचा नकाशा आणून शेजारी ठेवला. कोपरा बरोबर जुळला. ह्यांचा चेहरा पांढरा पडला.

"म्हणजे टोळी आहे," हे म्हणाले. "आधी कार्ड, आता प्लॉट. माप घेऊन गेलेत. ह्यांना प्लॉट लाटायचाय."

"एस्टोनियाची माणसं आपल्या ओढ्याकाठी कशाला येतील?" मी म्हणाले.

"तुला नाही कळायचं. तिथल्या जागेचे भाव कुठं गेलेत माहितीय? सिकंदरभाई, प्लॉटला टेप तुम्हीच लावला होता ना? त्या दिवशी तिथं अजून कोण होतं? नीट आठवून सांगा."

सिकंदरभाईंनी चहात बघितलं. "मी हुतो. टेपचं दुसरं टोक वहिनींनी धरलं हुतं. आकडं बी त्यांनीच लिहून घेतलं."

मी ट्रे खाली ठेवला.

"ती असते हो मदतीला," हे म्हणाले. "ती सोडून. बाहेरचं कोण होतं?"

एवढं झाल्यावर ह्यांनी पेन उचललं. आधी सही करून बँकेला पाठवतो, मग पोलिसांत जातो, असं म्हणत कागद पुढे ओढला. सही झाली असती तर ते घर माझं नव्हतं हे ह्यांच्या हस्ताक्षरात पक्कं झालं असतं. मला इतका राग कधी आला नव्हता, सासूबाईंच्या वेळीसुद्धा नाही.

"चोर मी आहे," मी म्हणाले.

"सिकंदरभाईंना साखर कमी झालीय, बघ जरा."

"अहो, चोर मी आहे. ते घर मी काढलंय."

ह्यांनी वर बघितलं. हसावं की काय करावं ते ह्यांना कळेना. "तू? अगं, ही थट्टेची वेळ आहे का? पुरावा काय?"

पुरावा एस्टोनियाने कुलूप लावून ठेवला होता. टॅब्लेट आणून काही उपयोग नव्हता. मी लाल पेन्सिलच ह्यांच्या हातातून घेतली आणि ओट्याशेजारच्या दोन फुटांवर टेकवली.

"ही फुकट घालवलेली जागा. इथं काय आहे विचारा."

"काय आहे?"

"तुमची खुर्ची. वेताची. बावीस इंच आहे ती, मी मोजलीय. आजवर तुम्ही बाहेर हॉलमध्ये आणि मी आत. चहा झाला का, काय म्हणालीस, ऐकू येत नाही, मोठ्याने बोल. आपलं सगळं बोलणं असं ओरडून झालंय. पोराच्या लग्नाचंसुद्धा आपण ओरडून ठरवलं. म्हटलं, उरलेलं तरी जवळ बसून बोलावं."

सिकंदरभाई उठले, गाडी उन्हात लावलीय म्हणाले आणि बाहेर गेले. बाहेर ढग होते.

हे त्या दोन फुटांकडे बघत राहिले. मग अगदी हळू आवाजात विचारलं, "आणि ओटीपी?"

"तुम्हीच वाचून दाखवलात. दाढी करताना."

"मी?"

"गॅसवाला आलाय का म्हणालात."

ह्यांनी चष्मा काढून पुसला, पुन्हा घातला. पेनाला टोपण लावलं. "संघात हे बोलायचं नाही," म्हणाले.

"नाही बोलणार."

"कॉलम घालावे लागतील."

"घाला."

"दोन तुझ्या स्वयंपाकघरात येतील."

"एकच."

"दोन. नाहीतर सगळं डोक्यावर येईल."

"मग दोन," मी म्हणाले, आणि सिकंदरभाईंना हाक मारायला गेले.

नकाशा पुरा करायचा तर तो आधी सोडवून आणायला हवा होता, आणि चोराला आत घ्या म्हणून कंपनीला पटवणं हे चोराला बाहेर काढण्यापेक्षा अवघड निघालं. कंपनी म्हणाली, खातं तुमचंच कशावरून? बँक म्हणाली, तक्रार मागे घेण्यासाठी आमच्याकडे अर्जच नाही, आजवर कुणी घेतलेली नाही. सखी म्हणाली, एक दाबा. शेवटी ह्यांनी हातात पेन घेतलं. ते पत्र माझ्याजवळ अजून आहे. "प्रमाणित करण्यात येते की, सदर प्रकरणातील अज्ञात चोर ही माझी पत्नी सौ. त्रिशला सुकुमार मगदूम हीच असून, तिच्या ओळखीबाबत माझ्या मनात आता कोणतीही शंका उरलेली नाही." खाली सही, तारीख. एस्टोनियाने खातं खुलं केलं आणि लिहिलं, "हाय त्रिशला! तू परत आलीस, आम्हाला किती आनंद झालाय!" नव्या कार्डाच्या पुढच्या बिलात त्या आनंदाचे पैसे लागलेले होते. ह्यांनी लाल पेन्सिलीने त्या ओळीपुढे खूण केली आणि खालच्या ओळीवर गेले.

मग आम्ही टेबलाशी शेजारी शेजारी बसून नकाशा पुरा केला. भांडणं पुष्कळ झाली. जिना ह्यांचा, पाइप ह्यांचा, पायाची उंची ह्यांची. खिडक्या माझ्या. मंजुरीच्या कागदावर नाव मात्र ह्यांचंच गेलं, कारण तिथं इंजिनिअरचं नाव लागतं. मी त्यावर काही बोलले नाही. पण ते माझ्या मनात राहिलं, हे खोटं कशाला सांगू.

अक्षय तृतीयेला आखणी होती, म्हणजे घराच्या रेघा चुन्याने जमिनीवर मारायच्या होत्या. आमच्यात त्या दिवशी उसाच्या रसाला मान, म्हणून प्लॉटवर रसाची भांडी आणली होती. नातेवाईक आले होते, संघातले लोक आले होते, आणि ह्यांचे जुने वरिष्ठ कित्तूरेसाहेब गाडी करून कोल्हापुराहून आले होते. ह्यांच्यावर त्या माणसाचा अजून तसाच वचक. ते रसाचा पेला हातात घेऊन नकाशा बघायला लागले, तसे हे पाठीमागे हात बांधून उभे राहिले.

"मगदूम," कित्तूरेसाहेब म्हणाले, "हॉल मागे? आणि स्वयंपाकघर रस्त्यावर?" त्यांनी नकाशा उलटा करून बघितला, म्हणजे उलटा केला की बरोबर होतो की काय ते. "आयुष्यभर शिकवलं ते हेच का? लोक हसतील. कुणाचं डोकं हे?"

सगळे थांबले. संघाच्या चिटणीसांनी मान पुढे काढली. ह्यांचे कान लाल झालेले मला मागून दिसत होते. कागदावर ह्यांचं नाव होतं. आता हे काय म्हणतात ह्यावर माझं घर अडलेलं होतं. ऐनवेळी 'बदलून घेतो साहेब' म्हटलं असतं, तर कुणाला नवल वाटलं नसतं. मलाही वाटलं नसतं.

सिकंदरभाई चुन्याची पाटी घेऊन पुढे आले. "साहेब, मुहूर्त टळायलाय. चुना कुठनं टाकायला सुरू करू?"

ह्यांनी एकदा कित्तूरेसाहेबांकडे बघितलं, एकदा सिकंदरभाईंकडे.

"मला काय विचारता?" हे म्हणाले. "नकाशा हिचा आहे. हिला विचारा."

ह्यांनी मला श्रेय दिलं की साहेबांसमोर दोष माझ्यावर ढकलला, ते मला अजून नक्की सांगता येत नाही. ह्यांनाही सांगता येत नसावं. त्या वेळी विचार करायला सवड नव्हती. सगळी माणसं माझ्याकडे बघत होती, माझ्या उभ्या आयुष्यात इतक्या माणसांनी एकदम माझ्याकडे बघितलेलं नव्हतं. मी पेला खाली ठेवला, पदर खोचला, चपला काढून मातीत उतरले.

"आधी स्वयंपाकघर," मी म्हणाले.